गरोदरपणात गोळी-औषध, मशेरी, दारू, फवारणी : पोटातल्या बाळावर काय परिणाम होतो? कोणत्या महिन्यात कशाचा धोका?

डोकं दुखलं की मेडिकलमधून गोळी, कंबर दुखली की इंजेक्शन, पाळी लांबली की शेजारणीने सांगितलेला काढा. खेडोपाडी हे रोजचं आहे. एरवी त्याने फारसं बिघडत नाही. पण त्या बाईला दिवस गेलेले असतील तर तीच गोळी दोन जिवांच्या पोटात जाते. आणि अडचण अशी की दिवस गेल्याचं कळायच्या आधीच बाळाचे महत्त्वाचे अवयव तयार व्हायला लागलेले असतात.

याच्या उलटही घडतं. "गरोदरपणात कुठलंच औषध नको" असं घरातलं कुणीतरी सांगतं आणि फिटची, थायरॉइडची, टीबीची किंवा बीपीची चालू गोळी बंद केली जाते. त्यातून आई आणि बाळ दोघांनाही धोका होतो. म्हणून कशाला घाबरायचं आणि कशाला नाही, हे नीट माहीत असलेलं बरं.

वार म्हणजे भिंत नव्हे

बाळ गर्भपिशवीत वाढतं. आईचं रक्त आणि बाळाचं रक्त थेट एकमेकांत मिसळत नाही. मध्ये वार असते. वारेतून नाळेमार्फत बाळाला प्राणवायू आणि अन्न मिळतं. पूर्वी डॉक्टरांचाही समज होता की वार गाळणीसारखं काम करते आणि वाईट गोष्टी बाळापर्यंत जाऊ देत नाही. तो समज चुकीचा निघाला. बहुतेक औषधं, दारू, तंबाखूतलं निकोटीन, शिसं आणि काही आजारांचे विषाणू वार ओलांडून बाळापर्यंत पोहोचतात. मोठ्या माणसाचं लिव्हर आणि किडनी औषध शरीराबाहेर टाकतात. बाळाचे हे अवयव अजून तयार होत असतात, त्यामुळे त्याला ते जमत नाही.

जगाला धडा शिकवणारी गोळी : थॅलिडोमाइड

१९५७ मध्ये पश्चिम जर्मनीत थॅलिडोमाइड नावाची झोपेची गोळी बाजारात आली. ती अगदी सुरक्षित आहे, अशी जाहिरात होती. चिठ्ठीशिवाय मिळायची. गरोदर बायकांच्या उलट्या-मळमळीवरही ती दिली जाऊ लागली आणि बघता बघता अनेक देशांत पोहोचली.

काही वर्षांतच तिकडच्या दवाखान्यांत वेगळीच बाळं जन्माला येऊ लागली. कुणाला हातच नाहीत, कुणाचे पंजे थेट खांद्याला जोडलेले, कुणाचे पाय आखूड, कुणाचे कान नाहीत, कुणाच्या हृदयात दोष. जर्मनीतले डॉ. विडुकिंड लेंझ आणि ऑस्ट्रेलियातले डॉ. विल्यम मॅकब्राइड यांनी १९६१ मध्ये या गोळीवर बोट ठेवलं. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये ती जर्मनीच्या बाजारातून काढून घेतली गेली. तोवर जगभरात १० हजारांहून जास्त बाळांना त्याचा फटका बसला होता. त्यातली कितीतरी बाळं लहानपणीच दगावली.

अमेरिकेत मात्र ही गोळी विक्रीला आलीच नाही. तिथल्या औषध खात्यातल्या डॉ. फ्रान्सिस केल्सी यांनी सुरक्षिततेचे पुरावे अपुरे आहेत म्हणून परवानगी अडवून धरली. कंपनीने तगादा लावला तरी त्या मागे हटल्या नाहीत.

या प्रकरणातून तीन गोष्टी कळल्या, त्या आजही लागू आहेत.

- आईला काहीच त्रास न देणारी गोळी बाळाचं मोठं नुकसान करू शकते.
- गोळी किती घेतली यापेक्षा कोणत्या दिवसांत घेतली हे जास्त महत्त्वाचं ठरू शकतं. थॅलिडोमाइडचा धोका गर्भ राहिल्यापासून साधारण २० ते ३६ व्या दिवसांत होता. तेवढ्या दिवसांत एक गोळीसुद्धा पुरेशी ठरली.
- "चिठ्ठीशिवाय मिळते म्हणजे चालते" असं नसतं.

हे औषध आजही कुष्ठरोगातल्या एका त्रासदायक गुंतागुंतीवर आणि एका प्रकारच्या रक्ताच्या कॅन्सरवर वापरलं जातं. पण ते घेताना गर्भ राहू नये म्हणून कडक काळजी घ्यावी लागते.

कोणत्या आठवड्यात काय घडतं?

डॉक्टर गरोदरपण शेवटच्या पाळीच्या पहिल्या दिवसापासून मोजतात. एकूण ४० आठवडे, म्हणजे २८० दिवस. गर्भ प्रत्यक्षात त्यानंतर साधारण दोन आठवड्यांनी राहतो.

पाळी चुकेपर्यंतचे दिवस : गर्भ म्हणजे पेशींचा छोटा गोळा असतो आणि गर्भपिशवीत रुजत असतो. या काळात मोठं नुकसान झालं तर बहुतेक वेळा गर्भ टिकतच नाही. किरकोळ असेल तर तो भरून काढतो आणि पुढे नीट वाढतो.

पाळी चुकल्यापासून पुढचे सहा आठवडे : सर्वात नाजूक काळ हाच. मेंदू आणि मणक्याची नळी पाळी चुकल्यानंतर साधारण दोन आठवड्यांतच बंद होते. हृदयाची धडधड याच काळात सुरू होते. हात, पाय, डोळे, कान, ओठ यांची घडण होते. या दिवसांत घातक औषध गेलं तर अवयवाच्या रचनेतच दोष राहू शकतो. आणि याच दिवसांत कितीतरी बायका "पाळी पुढे गेली असेल" म्हणून थांबलेल्या असतात.

चौथ्या महिन्यापासून बाळंतपणापर्यंत : अवयव तयार झालेले असतात, आता त्यांची वाढ होते. या काळातल्या घातक गोष्टींमुळे बाळाचं वजन कमी भरणं, किडनीला इजा, गर्भजल कमी होणं, दातांवर डाग, अपुऱ्या दिवसांचं बाळंतपण असे प्रकार होतात. मेंदूची वाढ मात्र नऊ महिने आणि जन्मानंतरही चालू असते. त्यामुळे दारूसारख्या मेंदूवर परिणाम करणाऱ्या गोष्टींना कोणताच महिना सुरक्षित नाही.

कोणती औषधं धोक्याची?

खालची यादी पूर्ण नाही. पण ग्रामीण भागात जी औषधं जास्त वापरात दिसतात किंवा ज्यांचा धोका पक्का सिद्ध झालेला आहे, त्यातली ही मुख्य.

- मुरमांवरची आयसोट्रेटिनोइनची गोळी : चेहरा, कान, हृदय आणि मेंदूत गंभीर दोष होऊ शकतात. ही गोळी चालू असताना आणि बंद केल्यावरही किमान एक महिना गर्भ राहू द्यायचा नसतो.
- फिटवरचं व्हॅलप्रोएट : पोटात हे औषध मिळालेल्या साधारण १०० पैकी १० बाळांत जन्मजात व्यंग आढळतं. ३० ते ४० मुलांत पुढे शिकणं, बोलणं, वागणं यांत अडचण दिसते. फिटवरची दुसरी, कमी धोक्याची औषधं असतात.
- रक्त पातळ करणारं वॉरफेरिन : हृदयाची झडप बदललेल्या रुग्णांना बऱ्याचदा हे चालू असतं. सुरुवातीच्या महिन्यांत बाळाच्या नाकाच्या आणि इतर हाडांवर परिणाम होतो. डॉक्टर यासाठी इंजेक्शनचा पर्याय देतात.
- संधिवातावरचं मेथोट्रेक्सेट : गर्भपात आणि व्यंग दोन्हींचा धोका. गर्भ राहण्याच्या आधीच डॉक्टरांच्या सल्ल्याने थांबवावं लागतं.
- बीपीच्या काही गोळ्या : एनालाप्रिल, रामिप्रिल, टेल्मिसार्टन, लोसार्टन या गटातल्या गोळ्यांनी चौथ्या महिन्यानंतर बाळाच्या किडनीवर परिणाम होतो आणि गर्भजल कमी होतं. गरोदरपणात लॅबेटॅलॉल, मिथाइलडोपा, निफेडिपिन असे पर्याय वापरले जातात.
- दुखण्यावरच्या गोळ्या-इंजेक्शनं : आयबुप्रोफेन, डायक्लोफेनॅक. २० आठवड्यांनंतर यांनी बाळाची किडनी आणि गर्भजल यावर परिणाम होऊ शकतो. शेवटच्या तीन महिन्यांत बाळाच्या हृदयाजवळची एक महत्त्वाची रक्तवाहिनी वेळेआधी बंद होण्याचा धोका असतो. कंबरदुखीवर सर्रास टोचली जाणारी इंजेक्शनं बऱ्याचदा याच गटातली असतात.
- डॉक्सिसायक्लिन, टेट्रासायक्लिन : चौथ्या-पाचव्या महिन्यापासून बाळाच्या दुधाच्या दातांवर कायमचे पिवळे-तपकिरी डाग पडू शकतात.
- स्ट्रेप्टोमायसिनचं इंजेक्शन : बाळाच्या ऐकण्यावर परिणाम होऊ शकतो.

ताप किंवा अंगदुखीला पॅरासिटामॉल डॉक्टरांनी सांगितलेल्या मात्रेत, गरजेपुरतं चालतं. सुरुवातीच्या आठवड्यांत जास्त ताप अंगावर काढणं हेही बाळासाठी धोक्याचं असतं. पण दुकानात मिळणाऱ्या सर्दीच्या आणि दुखण्याच्या अनेक गोळ्यांत पॅरासिटामॉलसोबत दुसरी औषधं मिसळलेली असतात. पाकिटावरचं नाव वाचून घेणं गरजेचं आहे. पट्टीवर उभी लाल रेघ असेल तर ते औषध चिठ्ठीशिवाय विकत घ्यायचंच नाही.

ही औषधं मनाने बंद करू नका

वरची यादी वाचून कुणी चालू औषध फेकून दिलं तर ते जास्त घातक ठरेल. काही आजार असे आहेत की औषधापेक्षा आजारच बाळाला जास्त मारतो.

फिट : गोळी अचानक थांबवली की मोठी फिट येऊ शकते. फिटमध्ये आई पडते, बाळाचा प्राणवायू कमी होतो. गोळी बदलायची असेल तर ती डॉक्टरच हळूहळू बदलतात, आणि तेही शक्यतो गर्भ राहण्याच्या आधी.

थायरॉइड : सुरुवातीच्या महिन्यांत बाळ आईच्याच थायरॉइडवर अवलंबून असतं. बाळाच्या मेंदूच्या वाढीसाठी ते लागतं. दिवस गेल्यावर उलट गोळीची मात्रा वाढवावी लागू शकते.

साखर : गर्भ राहताना आईची साखर खूप वाढलेली असेल तर बाळाच्या हृदयात आणि मणक्यात दोष होण्याचा धोका वाढतो. साखर ताब्यात ठेवणं हाच उपाय.

टीबी : आयसोनियाझिड, रिफाम्पिसिन, इथॅम्ब्युटॉल ही नेहमीची औषधं गरोदरपणात दिली जातात. उपचार अर्धवट सोडणं दोघांनाही घातक.

एचआयव्ही : उपचार न घेतल्यास आईकडून बाळाला लागण होण्याचं प्रमाण १५ ते ४५ टक्के असतं. नियमित औषधांनी ते ५ टक्क्यांच्या खाली आणता येतं. सरकारी केंद्रात ही औषधं मोफत मिळतात.

दमा : पंप चालू ठेवायचा. श्वास कोंडला तर बाळाचाही कोंडतो.

मशेरी, तंबाखू, गुटखा

"मी कुठे तंबाखू खाते, नुसती मशेरी लावते" हे वाक्य आशाताईंना वारंवार ऐकायला मिळतं. मशेरी म्हणजे तव्यावर भाजलेली तंबाखूच. भाजल्याने त्यातलं निकोटीन जात नाही. हिरड्यांतून ते थेट रक्तात उतरतं. निकोटीनमुळे रक्तवाहिन्या आखडतात, वारेकडे जाणारं रक्त कमी होतं आणि बाळ उपाशी राहिल्यासारखं खुरटतं.

मुंबईत १,२१७ गरोदर महिलांवर झालेला एक अभ्यास २००४ मध्ये ब्रिटिश मेडिकल जर्नलमध्ये प्रसिद्ध झाला. मशेरीसह बिनधुराची तंबाखू वापरणाऱ्या आयांच्या बाळांचं वजन सरासरी १०५ ग्रॅमने कमी भरलं. अपुऱ्या दिवसांच्या बाळंतपणाचं प्रमाणही त्यांच्यात जास्त होतं. ज्या बाळाचं वजन मुळातच अडीच किलोच्या आसपास आहे, त्याला १०५ ग्रॅमचा फरकही जड जातो. पोटातच बाळ दगावण्याचा धोकाही तंबाखूने वाढतो.

घरात नवरा किंवा सासरा बिडी ओढत असेल तर तो धूरही बाईच्या छातीत जातो. बिडी सोडता येत नसेल तर निदान घरात आणि तिच्याजवळ ओढू नये. तंबाखू कोणत्याही महिन्यात सोडली तरी फायदाच होतो, जितकी लवकर तितका जास्त. सोडण्यासाठी १८००-११-२३५६ या मोफत राष्ट्रीय हेल्पलाइनवर मदत मिळते.

दारू : थोडीसुद्धा नाही

आईने प्यालेली दारू काही वेळात बाळाच्या रक्तात पोहोचते. १९६८ मध्ये फ्रान्समधून आणि १९७३ मध्ये अमेरिकेतून डॉक्टरांनी दाखवून दिलं की जास्त दारू पिणाऱ्या आयांच्या मुलांमध्ये एकसारखी लक्षणं दिसतात : बारीक डोळे, नाकाखालची खळी सपाट, वरचा ओठ पातळ, डोकं आणि उंची लहान. त्याहून मोठं नुकसान मेंदूचं होतं. अशा मुलांना शाळेत लक्षात राहत नाही, हिशेब जमत नाही, राग आवरत नाही. हे नुकसान आयुष्यभर भरून येत नाही.

गरोदरपणात दारूची कोणतीही सुरक्षित मात्रा नाही. मोहाची असो, ताडी असो की बाटलीबंद, बाळाच्या दृष्टीने फरक नाही. गांजानेही बाळाचं वजन घटतं. अफूसारख्या नशेची सवय असेल तर जन्मल्यावर बाळाला थरथर, सतत रडणं, झटके असा त्रास होतो. ही नशा मात्र एकदम न तोडता डॉक्टरांच्या देखरेखीखाली सोडवावी लागते.

"मुलगा होण्याचं औषध" : फसवणूक आणि धोका

दिवस गेल्यावर दुसऱ्या-तिसऱ्या महिन्यात वैदू, बाबा किंवा एखादी ओळखीची बाई पुडी देते. दुधातून घ्या, मुलगाच होईल, असं सांगते. ज्या घरात आधीच दोन मुली आहेत तिथे सूनबाईला नाही म्हणणं अवघड जातं.

खरी गोष्ट अशी की बाळ मुलगा की मुलगी हे गर्भ राहतो त्याच क्षणी ठरलेलं असतं, आणि ते पुरुषाच्या बीजावरून ठरतं. दुसऱ्या महिन्यात दिलेली पुडी ते बदलू शकत नाही. मुलगा झालाच तर पुडीवाला श्रेय घेतो, मुलगी झाली तर "पथ्य पाळलं नाही" म्हणतो.

पण पुडी काहीच करत नाही असंही नाही. हरियाणात अशा औषधांचा अभ्यास झाला. व्यंग घेऊन जन्मलेल्या बाळांच्या आयांमध्ये ही औषधं घेतल्याचं प्रमाण जास्त आढळलं. तपासलेल्या नमुन्यांत संप्रेरकांसारखे घटक सापडले. अवयव घडत असतानाच हे पोटात जातं, हाच त्यातला मोठा धोका. शिवाय लिंग निवडण्याचा दावा करणं, त्याची जाहिरात करणं हा १९९४ च्या गर्भलिंग निदान प्रतिबंधक कायद्याने गुन्हा आहे.

घरातल्या मोठ्यांनी एवढं लक्षात घ्यावं : नातवाच्या आशेने दिलेली पुडी नातीला किंवा नातवाला, कुणालाही आयुष्यभराचं व्यंग देऊ शकते.

मेडिकलमधून आणलेल्या पाळीच्या गोळ्या

पाळी चुकली की "पाळी येण्याच्या गोळ्या" किंवा गर्भपाताचं किट परस्पर आणून घेतलं जातं. गोळ्या घेऊनही गर्भ टिकून राहिला तर धोका आहे. त्यातल्या मिसोप्रोस्टॉल या औषधाने बाळाच्या चेहऱ्याच्या नसांवर आणि हातापायांवर परिणाम होऊ शकतो, हे ब्राझीलमधल्या अनेक बाळांवरून समोर आलं. आईलाही अर्धवट गर्भपात होऊन जोराचा रक्तस्राव होऊ शकतो.

मूल नको असेल तर लपवालपवी करायची गरज नाही. गर्भपात कायद्याने २० आठवड्यांपर्यंत नोंदणीकृत डॉक्टरकडे आणि काही ठरावीक परिस्थितींत २४ आठवड्यांपर्यंत गर्भपात करता येतो. सज्ञान बाईची स्वतःची संमती पुरते. नवऱ्याची सही लागत नाही.

फवारणी, चुलीचा धूर, शिसं

कपाशी, सोयाबीन, द्राक्ष, भाजीपाला यावर फवारणीच्या दिवसांत बायका पाणी वाहतात, औषध कालवतात, फवारलेल्या शेतात निंदण-खुरपण करतात. कीटकनाशकं कातडीतून आणि श्वासातून शरीरात जातात. गरोदर बाईने औषध कालवू नये, फवारणी चालू असताना शेतात थांबू नये, फवारणाऱ्याचे कपडे हाताने धुऊ नयेत. ते कपडे घरातल्या दुसऱ्या माणसाने वेगळे धुवावेत. औषधाचे रिकामे डबे पाणी किंवा धान्य साठवायला वापरू नयेत.

बंद खोलीत चुलीचा धूर रोज छातीत जात असेल तर बाळाचं वजन कमी भरण्याचा धोका वाढतो. गॅस असेल तर तो निदान या नऊ महिन्यांत तरी वापरावा. नसेल तर चूल पडवीत किंवा मोकळ्या हवेत मांडावी.

शिसं बाळाच्या मेंदूला घातक असतं. काही सुरम्यांत, जुन्या रंगांत, बॅटरी फोडण्याच्या कामात ते असतं. काही गावठी भस्मांतही शिसं आणि पारा आढळलेला आहे. म्हणून "झाडपाल्याचं आहे, काही होत नाही" असं समजून नाव-गाव नसलेली पुडी घेऊ नये. डोहाळ्यात माती, खडू, पाटीवरची पेन्सिल खावीशी वाटणं हे बऱ्याचदा रक्त कमी असल्याचं लक्षण असतं. मातीतून जंत आणि शिसं पोटात जाऊ शकतं. अशा वेळी लपवून न ठेवता हिमोग्लोबिन तपासून घ्यावं.

आजारांचाही परिणाम होतो

१९४१ मध्ये ऑस्ट्रेलियातले डोळ्यांचे डॉक्टर नॉर्मन ग्रेग यांच्या लक्षात आलं की मोतीबिंदू घेऊन जन्मलेल्या अनेक बाळांच्या आयांना गरोदरपणात रुबेला झाला होता. हा आजार अंगावर पुरळ आणणारा, दिसायला साधा. पण सुरुवातीच्या महिन्यांत झाला तर बाळाचे डोळे, कान आणि हृदय बिघडतं. लहान मुलांना दिली जाणारी गोवर-रुबेला लस त्यासाठीच महत्त्वाची आहे. आज लस घेतलेली मुलगी उद्या आई होणार असते. ही लस गरोदरपणात देत नाहीत.

गरमी म्हणजे सिफिलिस हा गुप्तरोग उपचार न केल्यास बाळ पोटातच दगावू शकतं. पेनिसिलिनच्या इंजेक्शनने तो बरा होतो. म्हणूनच पहिल्या तपासणीत एचआयव्ही, सिफिलिस आणि काविळीची रक्त तपासणी करतात. त्यात लाजण्यासारखं काही नाही.

कशाला घाबरायचं नाही?

ग्रहणात भाजी चिरली म्हणून बाळाचा ओठ फाटत नाही. फाटलेला ओठ हा सुरुवातीच्या आठवड्यांतल्या घडणीतला दोष आहे, आणि तो ऑपरेशनने दुरुस्त होतो. ग्रहणाच्या दिवशी गरोदर बाईला दिवसभर उपाशी-तहानलेली बसवणं हेच जास्त वाईट.

सोनोग्राफीत एक्स-रेसारखे किरण नसतात, ती आवाजाच्या लहरींवर चालते. एक्स-रे काढायची वेळ आली तर मात्र दिवस गेल्याचं आधी सांगावं. धनुर्वाताची लस बाळाच्या संरक्षणासाठीच असते. लोहाच्या गोळीने बाळ काळं होत नाही. शौचाला काळी होते, ते साहजिक आहे.

बाळाला जपणाऱ्या गोळ्या

सगळ्याच गोळ्या धोक्याच्या नाहीत. काही तर घेतल्याच पाहिजेत.

- फॉलिक अ‍ॅसिड : गर्भ राहण्याच्या आधीपासून आणि पहिले तीन महिने, रोज ४०० मायक्रोग्रॅम. मेंदू-मणक्याचे दोष टळतात. आधी असं बाळ झालेल्या आयांवर १९९१ मध्ये एक मोठा अभ्यास प्रसिद्ध झाला. जास्त मात्रेचं फॉलिक अ‍ॅसिड घेतलेल्यांत तसंच पुन्हा होण्याचा धोका सुमारे ७२ टक्क्यांनी कमी झाला. ज्यांना आधी असं बाळ झालंय किंवा फिटच्या गोळ्या चालू आहेत, त्यांना डॉक्टर जास्त मात्रा देतात.
- लोहाची लाल गोळी : चौथ्या महिन्यापासून रोज एक, किमान १८० दिवस, आणि बाळंतपणानंतरही १८० दिवस. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत देशातल्या ५२.२ टक्के गरोदर महिलांच्या अंगात रक्त कमी आढळलं. गोळी चहासोबत घेऊ नये, लिंबूपाण्यासोबत घ्यावी.
- कॅल्शियम : चौथ्या महिन्यापासून दिवसातून दोनदा. लोहाच्या गोळीसोबत एकाच वेळी घेऊ नये.
- जंताची गोळी : पहिल्या तीन महिन्यांनंतर एकदा, आरोग्य सेविकेच्या सांगण्यावरून.
- आयोडीनचं मीठ : बाळाच्या मेंदूसाठी. खडे मीठ वापरत असाल तर ते आयोडीनयुक्त आहे का बघा.

चुकून गोळी घेतली गेली असेल तर?

आधी घाबरू नका. बाजारातल्या बहुतेक औषधांनी बाळाला व्यंग येत नाही. कोणतंही औषध न घेतलेल्या आयांमध्येही १०० पैकी साधारण दोन-तीन बाळांत काही ना काही जन्मजात मोठा दोष आढळतो, आणि बऱ्याचदा त्याचं कारण सापडत नाही.

- गोळीची पट्टी किंवा बाटली टाकून देऊ नका, मोबाइलवर फोटो काढून ठेवा.
- कोणत्या तारखेपासून कोणत्या तारखेपर्यंत, किती घेतली ते लिहून ठेवा.
- शेवटच्या पाळीची तारीख सांगा. त्यावरूनच डॉक्टर धोका आहे की नाही ते ठरवतात.
- १८ ते २० आठवड्यांत बाळाचे अवयव तपासणारी सोनोग्राफी करून घ्या.
- नुसत्या भीतीपोटी गर्भपाताचा निर्णय घेऊ नका. आधी स्त्रीरोगतज्ज्ञांना दाखवा.

आणि बाळ व्यंग घेऊन जन्मलंच तर आईला दोष देऊ नये. "तूच काहीतरी खाल्लं असशील" हे वाक्य बाळंतिणीला आयुष्यभर टोचतं आणि बहुतेक वेळा ते खरंही नसतं. राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमात ० ते १८ वयाच्या मुलांची तपासणी आणि फाटलेला ओठ, वाकडा पाय, हृदयदोष अशांवरचे उपचार मोफत होतात. त्यासाठी आशाताई किंवा प्राथमिक आरोग्य केंद्रात विचारावं.

एक सवय लावून घ्या

लग्न झालेल्या, मूल होऊ शकेल अशा प्रत्येक बाईने औषध घेताना एक वाक्य आधी बोलावं : "डॉक्टर, माझी पाळी अमुक तारखेला आली होती, दिवस गेलेले असू शकतात." मेडिकलवाल्या दादांनाही तेच सांगावं. पाळी आठवडाभर लांबली तर काढा किंवा गोळी घेण्याआधी आशाताईकडून तपासणी किट घ्यावं. उपकेंद्रातही ते मिळतं. दिवस गेल्याचं नक्की झालं की तीन महिन्यांच्या आत नाव नोंदवावं आणि चालू असलेली प्रत्येक गोळी, मलम, पुडी, मशेरीसुद्धा, आरोग्य सेविकेला दाखवावी. ऊसतोडीला किंवा कामाला बाहेरगावी जाणाऱ्यांनी माता-बाल संरक्षण कार्ड सोबत ठेवावं. ते दाखवलं की दुसऱ्या जिल्ह्यातही तपासणी होते.

दर महिन्याच्या ९ तारखेला प्रधानमंत्री सुरक्षित मातृत्व अभियानात सरकारी दवाखान्यात डॉक्टरांकडून गरोदर मातांची मोफत तपासणी होते. रक्तस्राव, झटके, अंगावर सूज, डोळ्यांपुढे अंधारी, बाळाची हालचाल कमी वाटणं यापैकी काही झालं तर वाट न बघता १०८ किंवा १०२ वर फोन करावा. आरोग्यविषयक सल्ल्यासाठी १०४ हा क्रमांक आहे.

(ही माहिती सर्वसाधारण जनजागृतीसाठी आहे. कोणतंही औषध सुरू करणं किंवा बंद करणं डॉक्टरांच्या सल्ल्यानेच करावं.)